पांचोसचा दुसरा आवाज : एका बोलेरो त्रिकुटाविषयी

केतकी_बन

मी पुण्यात स्पॅनिश शिकवते. गेल्या महिन्यात दुसऱ्या पातळीच्या वर्गाला एक गाणं ऐकून शब्द लिहून आणायला सांगितले होते. गाणं होतं 'सिन ती', म्हणजे 'तुझ्याविना'. रचना पेपे गीसारची, गायलंय त्रिओ लोस पांचोस यांनी. लय संथ आणि उच्चार स्वच्छ, त्यामुळे नवशिक्यांना ते पेलतं. एक मुलगा शब्दांबरोबर चालही पाठ करून आला आणि वर्गात म्हणून दाखवू लागला. बाकीची मुलं हसायला लागली, कारण चाल भलतीच होती. मलाही आधी वाटलं, याला सूर नाही. पुढच्या ओळींना लक्षात आलं की तो अगदी सुरात आहे. तो चुचो नावारोचा आवाज म्हणत होता, त्रिकुटातला दुसरा आवाज, म्हणजे मुख्य चालीखालून जाणारी वेगळी ओळ. त्याच्या कानाला तोच ठळक लागला होता आणि तीच चाल असं तो धरून चालला होता.

हे गाणं मी वीस वर्षं ऐकते आहे. नावारोची ओळ सुटी गुणगुणून दाखव असं कुणी म्हटलं असतं तर मला जमलं नसतं. त्या दिवसापासून मी पांचोस पहिल्यापासून पुन्हा ऐकायला घेतले आहेत. त्यातून जे मनात आलं ते इथे मांडते.

ज्यांनी नाव ऐकलं नसेल त्यांच्यासाठी आधी थोडी ओळख. १९४४ साली न्यूयॉर्कमध्ये तीन जण एकत्र आले. अल्फ्रेदो हिल आणि चुचो नावारो हे दोघे मेक्सिकोचे, एर्नांदो आविलेस पोर्तो रिकोचा. हिल आणि नावारो त्याआधी हिलच्या भावाच्या, फेलिपेच्या, मंडळीत एकत्र गात असत. हार्लेममधल्या तेआत्रो इस्पानोत मे महिन्यात त्रिकुटाचा पहिला कार्यक्रम झाला. पांचो हे फ्रान्सिस्को नावाचं घरगुती रूप, आपल्याकडे पांडुरंगाचा पांडू होतो तसं. सुरुवातीला हे तिघे मेक्सिकोची गावाकडची गाणी म्हणत. लवकरच बोलेरोकडे, म्हणजे संथ लयीच्या प्रेमगीतांकडे, वळले आणि १९४८ च्या सुमारास मेक्सिकोत परतून तिथेच ठाण मांडलं.

तिथे त्यांना रेडिओ मिळाला. मेक्सिको सिटीचं एक्सईडब्ल्यू हे केंद्र १९३० पासून चालू होतं आणि स्वतःला 'लॅटिन अमेरिकेचा आवाज' म्हणवत असे. ते कुठवर ऐकू जाई याचा विचार केला की पांचोस एवढ्या देशांत घरचे कसे झाले ते कळतं. मग दौरे सुरू झाले, आणि कामांची विभागणी पक्की झाली. आविलेस पहिला आवाज. नावारो दुसरा. हिल तिसरा आवाज, शिवाय रेकिंतो नावाची छोटी गिटार.

आता मला जे सांगायचं आहे ते. पहिला आवाज, म्हणजे ज्याला आपण 'गायक' म्हणू, तो या त्रिकुटात सतत बदलत राहिला. १९५१ मध्ये दक्षिण अमेरिकेच्या दौऱ्यावर असताना आविलेस बाहेर पडला. त्याच्या जागी बोलिव्हियाचा राउल शॉ मोरेनो आला, तो थोडाच काळ टिकला. १९५२ ते ५६ पोर्तो रिकोचा हुलितो रोद्रिगेस. मग दोन वर्षं पुन्हा आविलेस. १९५८ ते ६६ जॉनी आल्बिनो, तोही पोर्तो रिकोचा. त्यानंतर एन्रिके कासेरेस, मग ओविदियो एर्नांदेस, आणि १९७६ मध्ये ओविदियो वारल्यावर राफाएल बासुर्तो लारा. बत्तीस वर्षांत सात गळे.

तरीही कुठल्याही वर्षाची तबकडी लावा, दोन ओळींत कळतं की हे पांचोस आहेत. कारण खालचे दोन आवाज तेच आहेत. हिल १९८१ पर्यंत राहिला, नावारो १९९३ मध्ये मरेपर्यंत. जवळजवळ पन्नास वर्षं हा माणूस दुसऱ्याच्या सुराखाली आपला सूर धरून उभा होता. दर वेळी वर नवा माणूस यायचा. कुणाच्या आवाजात कंप जास्त, कुणी शब्द थोडा उशिरा टाकणारा, आणि नावारोला त्याच्या श्वासाशी आपला श्वास नव्याने जुळवायला लागायचा. गाणी लिहिण्यातही तो मागे नव्हता. 'रायितो दे लुना' आणि 'उना कोपा मास' त्याचीच. हिलचं 'उन सिग्लो दे आउसेन्सिया' आहे, म्हणजे 'एका शतकाचा विरह'.

पांचोसवर जे काही वाचायला मिळतं त्यात बहुतेक वेळा वाद एकच: सगळ्यात चांगला पहिला आवाज कुणाचा? मला वाटतं हा प्रश्न आपल्याला गाण्यापासून लांब नेतो. तुम्ही ऐकलंय का कुणी? काय वाटतं?

ओसरी

छान लिहिलंय. बोलेरो म्हटलं की मला फ्रेंच संगीतकार राव्हेलची ती ढोलावर चढत जाणारी रचना आठवते. तिचा यांच्याशी काही संबंध?

केतकी_बन

नावापुरताच, ओसरी. राव्हेलने १९२८ मध्ये जे घेतलं ते स्पेनचं बोलेरो नृत्य, तीन मात्रांचं. पांचोस गातात तो बोलेरो क्युबात जन्मला आणि तो सम मात्रांचा आहे. लय अगदी वेगळी. यावर इथे माझ्यापेक्षा जास्त माहिती असलेले आहेत, ते लिहितीलच.

सहा_तारा

केतकीताई, धागा काढल्याबद्दल मनापासून आभार. मी गिटार शिकवतो, त्यामुळे रेकिंतोवर लिहिल्याशिवाय राहवणार नाही.

रेकिंतो ही नेहमीच्या नायलॉन तारांच्या गिटारची धाकटी बहीण. आकाराने लहान, तारांची लांबी कमी, आणि सहाही तारा नेहमीच्या गिटारपेक्षा चार सूर वर लावलेल्या. म्हणजे नेहमीच्या गिटारचा सा धरला तर हिचा सुटा सूर मध्यमावर. ती त्रिकुटात आणली अल्फ्रेदो हिलने, चाळीसच्या दशकात. कल्पना करा, दोन गिटार त्याच पट्टीत खालच्या सुरांवर वाजताहेत आणि वर तीन पुरुषी आवाज. तिसरी गिटारही त्याच उंचीवर वाजली तर सगळं एकमेकांत कालवलं जाणार. हिलला गळ्यांच्या वर मोकळी असलेली जागा हवी होती. तिथे वाजणारं, पण गिटारच्याच घरातलं असं वाद्य त्याने बनवून घेतलं.

मग त्या जागेत तो काय करतो ते ऐका. गाण्याआधीची सुरावट तर आहेच, ती इतकी ओळखीची झाली की मेक्सिकोत लोक पहिल्या चार सुरांना टाळ्या देतात. मला जास्त मोलाचं वाटतं ते ओळींच्या मधलं. गायक ओळ संपवून श्वास घेतो, तेवढ्यात रेकिंतो उतरत्या सुरांची एक लड सोडते, आणि पुढचा शब्द सुरू व्हायच्या बरोबर आधी थांबते. शब्दावर कधी चढत नाही. विद्यार्थ्यांना मी सांगतो, नुसत्या त्या लडी काढून वाजवा. सूर जमतात. थांबायचं कुठे, तिथे सगळे अडकतात. कारण थांबायची जागा गायकाच्या श्वासावर ठरते आणि हिल स्वतः गात असल्यामुळे त्याला ती आतून माहीत होती. वाजवणारा आणि तिसरा आवाज एकच माणूस होता, हे या संगीताचं फार मोठं गुपित आहे.

ज्यांच्याकडे रेकिंतो नाही त्यांनी साध्या गिटारला पाचव्या घरात कापो, म्हणजे सगळ्या तारा एकदम दाबणारा चिमटा, लावावा. लाकडाचा तो टणत्कार येणार नाही, पण बोटं तीच राहतील.

दुसऱ्या आवाजाबद्दल एक भर. लोकांना वाटतं दुसरा आवाज म्हणजे पहिल्याचीच चाल तिसऱ्या सुरावर सरकवलेली. पहिला पंचमावर तर दुसरा गंधारावर, पहिला मध्यमावर तर दुसरा ऋषभावर. बराच वेळ तसं चालतं. पण खालचा कॉर्ड, म्हणजे गिटारवर एकत्र वाजणारे सूर, बदलला की नुसतं सरकवून भागत नाही. तिथे दुसऱ्याला एकाच सुरावर थांबावं लागतं किंवा उलट दिशेला जावं लागतं. तुमच्या त्या विद्यार्थ्याने ही वळणं सगळी बरोबर घेतली असतील तर त्याचा कान असामान्य आहे. त्याला सांभाळा.

सांतियागो_सातारा

लेख आवडला, पण एका गोष्टीचं दुःख होतं ते लिहितो. बोलेरो म्हटलं की सगळे पांचोसपासून सुरू करतात आणि क्युबा राहून जातं.

पहिला बोलेरो म्हणून जो मानला जातो तो 'त्रिस्तेसास', १८८३ चा, सांतियागो दे क्युबाचा. रचणारा पेपे सांचेस व्यवसायाने शिंपी. संगीताचं रीतसर शिक्षण नाही, स्वरलिपी येत नव्हती, आणि त्याच्या हाताखाली सिंदो गाराइसारखे लोक तयार झाले. त्या बोलेरोच्या पोटात एक लयीचा तुकडा असतो, त्याला सिंकियो म्हणतात. आठ छोट्या मात्रांत पाच आघात: दोन-एक-दोन-एक-दोन. हातावर वाजवून बघा, लगेच खांदे हलतात. हा आफ्रिकेकडून कॅरिबियनमध्ये आलेला वारसा आहे. बोलेरो हवानाहून समुद्रापलीकडे मेक्सिकोतल्या युकातानला गेला, तिथे गुती कार्देनाससारख्यांनी तो आपलासा केला, आणि तिथून मेक्सिको सिटीच्या रेडिओवर पोचेपर्यंत सिंकियो विरघळून गेला. उरली ती गिटारची संथ झुळझुळ. पांचोसनी ती झुळझुळ परिपूर्ण केली हे मी मान्य करतो. पण नाचणारं काहीतरी वाटेत हरवलं.

आणि तुमचा दुसरा आवाज! त्याचं घरही तिथेच आहे. सांतियागोच्या जुन्या गायकांची परंपराच दोन आवाजांची, पहिला आणि दुसरा. १९२५ मध्ये त्रिओ मातामोरोस उभं राहिलं, त्यात सिरो रोद्रिगेस दुसरा आवाज म्हणत म्हणत माराका, म्हणजे खुळखुळे, वाजवायचा. आणि ज्याला म्हातारपणी सगळ्या जगाने डोक्यावर घेतलं तो कोम्पाय सेगुंदो. सेगुंदो म्हणजे दुसरा. लोरेन्सो इएर्रेसुएलोबरोबरच्या जोडीत तो दुसरा आवाज म्हणायचा म्हणून ते नाव पडलं. लोरेन्सो कोम्पाय प्रिमो, हा कोम्पाय सेगुंदो. दुसरा आवाज असणं त्याने आयुष्यभर नाव म्हणून मिरवलं. केतकी, हे तुमच्या धाग्यात यायलाच हवं होतं.

केतकी_बन

सांतियागो, कोम्पाय सेगुंदोचं नाव मी किती वेळा वर्गात घेतलंय आणि त्याचा शब्दशः अर्थही सांगितलाय, पण या दृष्टीने कधीच पाहिलं नव्हतं. फार आनंद झाला. उद्या त्या मुलाला सांगते.

हरवलं या शब्दाशी मात्र मी सहमत नाही. पांचोसच्या गाण्यांत बोंगो ही छोटी ढोलकी आणि माराका असतात, पण फार हळू, चुलीवर काहीतरी मंद रटरटत असावं तशा. लय नाचण्यासाठी नव्हतीच. हे गाणं खिडकीखाली उभं राहून म्हणायचं आहे. तिथे खांदे हलवून चालत नाही, आत कुणीतरी झोपलेलं असतं.

नदीकाठ

खिडकीखाली वाचलं आणि लिहायला बसले. आम्ही टेक्सासमध्ये सॅन अँटोनियोला राहतो, अकरा वर्षं झाली. मेक्सिकोत मातृदिन ठरलेल्या तारखेला असतो, १० मे, वार कुठलाही असो. इथेही पुष्कळ घरी तोच पाळतात. आमच्या समोरच्या घरात एक आजी आहेत, नव्वदीच्या पुढच्या. दर वर्षी १० मे ला पहाटे त्यांची मुलं एक त्रिकूट बोलावतात. दोन गिटार आणि एक रेकिंतो, काळे कोट, चकाकते बूट. अंधारात कुजबुजत वाद्यं जुळवतात. मग सुरू करतात.

पहिल्या वर्षी मी दचकून उठले होते. आता गजर लावून उठते आणि आमच्या ओट्यावर शाल घेऊन बसते. आजी लगेच दिवा लावत नाहीत. रीत अशी की गाणं ऐकू आलं तरी थोडं थांबायचं, मग दिवा लावायचा, मग दार उघडायचं. दिवा लागला की गाणाऱ्यांचे चेहरे बदलतात. गेल्या वर्षी दिवा दुसऱ्या गाण्यापर्यंत लागला नाही. आम्ही सगळेच घाबरलो होतो. त्यांची मुलगी आत जायला निघाली तेवढ्यात लागला. आजी खिडकीत उभ्या राहून ओठ हलवत होत्या. मला त्या वेळी कळलं नव्हतं, आता हा धागा वाचून वाटतं की त्या मुख्य चाल म्हणत नव्हत्या. त्यांचे ओठ मधल्या माणसाबरोबर हलत होते.

सेरेनाता म्हणतात या प्रकाराला. मारियाची हे मेक्सिकन वादकांचे ताफे मोठे असतात, तुताऱ्यांसारखी वाद्यं, सगळा मोहल्ला जागा होतो. त्रिकूट परवडतं आणि कमी आवाजात काम होतं. पांचोसच्या मागून अशी हजारो त्रिकुटं झाली असतील, ज्यांची एकही तबकडी निघाली नाही.

अजून एक. तुम्ही फेलिपे हिलचा उल्लेख केलात. त्याची बायको एव्हा गार्सा आमच्या सॅन अँटोनियोची, मोठी बोलेरो गायिका. इथल्या जुन्या माणसांना तिचं नाव घेतलं की बरं वाटतं.

मडगावकर

नदीकाठ, डोळ्यांपुढे उभं केलंत.

दुसऱ्या आवाजावरून मला आमच्या मडगावची आठवण झाली. शेजारचं घर ख्रिस्ती, लग्न असलं की अंगणात मांडो, आमचं कोकणी प्रेमगीत. मांडोही दोन आवाजांत म्हणतात. वरची चाल एकजण, खालची दुसरी, तिसऱ्या सुराच्या अंतराने, आणि सोबत व्हायोलिन नि घुमट हे मातीचं तालवाद्य. विषयही तेच, न जमलेलं प्रेम, ताटातूट, वाट पाहणं. पांचोसशी याचा थेट संबंध नाही, ते पोर्तुगीजांच्या वाटेने आलं आणि हे स्पॅनिशांच्या. पण लहानपणापासून मांडो कानावर असल्याने मला पांचोस पहिल्यांदा ऐकताना परके वाटलेच नाहीत. आमच्या शेजारच्या मावशी नेहमी खालचीच चाल म्हणायच्या. एकदा विचारलं तर म्हणाल्या, वरची सगळ्यांना येते रे, खालची म्हणणारं कोणी नसलं की गाणं उघडं पडतं.

मराठी भावगीतात ही सवय आपल्याला लागली नाही. आपल्याकडे एक गळा आणि एक चाल, बाकी साथ. ते आपल्या परीने सुंदर आहे. पण त्यामुळे आपला कान खालचा आवाज सुटा करून ऐकायला शिकत नाही असं मला वाटतं.

जुनी_तबकडी

मी पहिल्या आवाजाच्या बाजूने बोलणार. कुणीतरी बोलायला हवं.

आल्बिनो नसता तर १९६४ ची 'अमोर' ही तबकडी झाली नसती. एडी गोर्मे अमेरिकेची नावाजलेली इंग्रजी गायिका, न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्सची. आईवडील सेफार्दी, म्हणजे मूळ स्पेनकडचे, ज्यू, घरात स्पॅनिश बोलली जायची, त्यामुळे भाषा तिला शिकावी लागली नव्हती. ती पांचोसबरोबर गायली आणि आल्वारो कारियोचं 'साबोर आ मी' घराघरांत गेलं. कारियो वाहाका प्रांतातला, शिकलेला शेतीशास्त्र. ते गाणं त्याचं १९५९ चं, आधीही गाजलेलं, पण आज कुणाला गुणगुणायला सांगा, गोर्मेच्याच ढंगात म्हणेल. अमेरिकेत जन्मलेल्या मेक्सिकन मुलांच्या दोन-तीन पिढ्या या तबकडीवर वाढल्या. पुढच्याच वर्षी दुसरी तबकडी आली, मग नाताळची. नंतर पांचोस इटलीच्या जिल्योला चिंक्वेत्तीबरोबर गायले, अर्जेंटिनाच्या एस्तेला रावालबरोबर गायले, ऐंशीच्या दशकात मारिया मार्ता सेर्रा लिमाबरोबर.

आल्बिनोच्या आवाजात मधासारखा जाडपणा आहे. वरच्या सुरावर तो आवाज पातळ करत नाही, तसाच भरीव ठेवतो. आविलेस जास्त सरळ, जास्त टोकदार. माझी निवड आल्बिनो.

केतकी_बन

जुनी_तबकडी, 'अमोर' माझीही लाडकी आहे. पण तीच माझ्या बाजूचा सगळ्यात मोठा पुरावा नाही का? तिथे पहिला आवाज त्रिकुटाच्या बाहेरचा आहे, बाईचा आहे, वेगळ्या देशातल्या रंगमंचावर घडलेला आहे. तरी ती तबकडी पांचोसची वाटते. आल्बिनो, नावारो आणि हिल तिघांनी मिळून तिच्याखाली जी जमीन घातली आहे त्यामुळे.

जुनी_तबकडी

काही गाण्यांत ते साथीदार होऊन बसलेत, हेही कबूल करा. काही ठिकाणी मला त्रिकूट हवं असतं आणि ते मागे गेलेलं असतं.

केतकी_बन

कबूल. त्या तबकडीवर काही जागी मलाही ते हवेसे वाटतात आणि हाताशी येत नाहीत.

बोरिंकेन_वारी

एक राहून जातंय. पांचोस 'मेक्सिकन त्रिकूट' म्हणून ओळखले जातात. जन्म न्यूयॉर्कचा. पहिले आवाज मोजा: आविलेस, हुलितो रोद्रिगेस, आल्बिनो, तिघंही पोर्तो रिकोचे, म्हणजे सुवर्णकाळातला जवळजवळ सगळा काळ. हुलितोने लिहिलेलं 'मार इ सिएलो' पांचोसच्या खास गाण्यांतलं. पोर्तो रिकोची माणसं हे मनाला लावून घेतात आणि मला ते रास्त वाटतं. मी दोन वर्षं सान हुआनमध्ये कामाला होतो. तिथे आविलेसचं नाव घेतलं की लोक आधी 'आमचा' म्हणतात, मग पुढचं बोलतात.

यामागे इतिहास आहे. विसाच्या दशकापासून पोर्तो रिकोची माणसं पोटासाठी न्यूयॉर्कला जात होती. राफाएल एर्नांदेससारखा रचनाकार तिथेच त्रिकूट काढून बसला होता, नंतर कित्येक वर्षं मेक्सिकोत राहिला. पांचोस व्हायच्या आधी रस्ता तयार होता. दोन मेक्सिकन आणि एक पोर्तो रिकन न्यूयॉर्कमध्ये भेटावेत, क्युबात जन्मलेलं गाणं गावं आणि 'कामिनेमोस'सारखं ब्राझीलचं गाणं हिलने स्पॅनिशमध्ये आणावं, हे त्या शहरातच होऊ शकत होतं.

आविलेसने पांचोस सोडल्यावर पुएंते भावांबरोबर लोस त्रेस रेयेस हे त्रिकूट काढलं. सहा_तारा, त्यातल्या हिल्बेर्तो पुएंतेचं रेकिंतो ऐकलं आहेत का?

सहा_तारा

ऐकलंय म्हणजे काय, त्याच्यापुढे बसून रडलोय. हिलने वाद्याला जागा दिली, हिल्बेर्तोने त्या जागेत किती माणसं राहू शकतात ते दाखवलं. ज्यांना रेकिंतो शिकायचं आहे त्यांनी हिलपासून सुरू करून तिथे जावं. उलट गेलात तर धीर सुटेल.

अनुजा_मी_पण

मी एकवीस वर्षांची आहे. बोलेरोकडे नातालिया लाफोर्कादेमुळे आले, तिची २०१७ ची 'मुसास' ऐकून. त्यात लोस माकोरिनोस नावाचे दोन वयस्कर गिटारवादक आहेत, त्यांची गिटार आणि तिचा आवाज. माझ्या मेक्सिकन मैत्रिणीची आई मात्र म्हणते की तिच्या पिढीसाठी बोलेरो लुइस मिगेलने परत आणला, १९९१ च्या 'रोमान्से'मधून. मग पांचोस कुठे बसतात? त्यांची गाणी मला थोडी एकसारखी वाटली, खरं सांगते. कुठून ऐकायला लागू?

सांतियागो_सातारा

अनुजा, एकसारखी वाटतात याचं कारण ठरलेला साचा. रेकिंतोची सुरावट, तिघं, मधे पहिला एकटा, शेवटी पुन्हा तिघं. साठच्या दशकात रॉक अँड रोल आला, मग ऑर्केस्ट्रावाली बालादा आली, तेव्हा तरुणांनी हाच साचा जुना म्हणून टाकला. लुइस मिगेलने गाणी उचलली पण मागे व्हायोलिनांचा ताफा ठेवला, त्रिकूट नाही. गाणी वाचली, घडण बदलली. डिसेंबर २०२३ मध्ये युनेस्कोने बोलेरोला अमूर्त वारशाच्या यादीत घेतलं, क्युबा आणि मेक्सिको दोघांच्या अर्जावर. मला त्यात समाधान याचं की क्युबाचं नाव सोबत होतं.

केतकी_बन

अनुजा, तुला एकसारखी वाटली हे अगदी स्वाभाविक आहे, मलाही वाटायची. एकामागून एक वीस गाणी लावू नकोस. एकच घे, 'सिन ती' किंवा 'कॉन्तिगो'. पहिल्यांदा नेहमीसारखं ऐक. दुसऱ्यांदा फक्त रेकिंतो. तिसऱ्यांदा मुख्य चालीकडे कान बंद करून खालचा माणूस शोध. सापडेपर्यंत वेळ लागेल, पाच-सहा वेळा ऐकावं लागेल. मग तेच गाणं दुसऱ्या पहिल्या आवाजाच्या काळातलं मिळालं तर ऐक. आविलेसच्या खाली नावारो कसा वागतो आणि आल्बिनोच्या खाली कसा, हे समजायला लागलं की एकसारखेपणा आपोआप जाईल.

वारशाबद्दल सांतियागो म्हणतात ते बरोबर. त्यात मला एक काळजी आहे. यादीत गाण्याचं नाव चढतं, पण तिघांनी एकत्र बसून श्वास जुळवायचा हे काम कुणीतरी रोज करावं लागतं. पांचोसचं नाव लावून आज एकाहून अधिक मंडळी गातात. मला त्याचा राग येत नाही. नदीकाठच्या समोरच्या घरापुढे पहाटे जे तिघं उभे राहतात ते तर कुठलंच नाव लावत नसतील.

नदीकाठ

त्यांच्यातला रेकिंतोवाला दिवसा छपरं दुरुस्त करतो. आमचंही त्यानेच केलं.

ओसरी

मी आज पहिल्यांदा ऐकलं. 'रायितो दे लुना'. सहाव्या वेळेला खालचा आवाज सापडला. तो सापडल्यावर वरचा आवाज एकटा वाटेनासा झाला. एवढंच सांगायला आलो.

केतकी_बन

ओसरी, तुमचा प्रतिसाद मी वर्गात वाचून दाखवला.

त्या मुलाला कोम्पाय सेगुंदोची गोष्ट सांगितली. तो घरी जाऊन 'सिन ती' सबंध पाठ करून आला, दोन्ही आवाज. पण म्हणतो की मी खालचाच म्हणणार. पहिला मी म्हणते आहे. शनिवारी वर्ग संपल्यावर तासभर बसतो. माझी पट्टी काळी चार, त्याची काळी एक, त्यामुळे मधे कुठेतरी जुळवून घ्यावं लागतंय. तिसरा आवाज नाही. मुलांना विचारलं, सगळ्यांना पहिला हवा आहे.

पुण्यात कुणी आहे का, ज्याला सूर धरून उभं राहता येतं?

सहा_तारा

मी कोथरूडला राहतो. शनिवारी किती वाजता? गिटार घेऊन येतो, कापो पाचव्या घरात लावून. तिसरा आवाज मला येत नाही, पण येईपर्यंत म्हणतो.

केतकी_बन

साडेपाच. पत्ता निरोपात पाठवते.